मामाजी देवळात राहायला गेले

आमच्या गावाला काठ आहे, हे गावाला फार उशिरा कळलं. धरण होऊन दोन पिढ्या झाल्या होत्या, तरी घरांची तोंडं रस्त्याकडे आणि पाठ पाण्याकडे. पाठ म्हणजे अगदी खरीखुरी पाठ. मी लग्न होऊन आले तेव्हा उजाडायच्या आत अख्खं गाव डबे घेऊन त्या बाजूला चालत जायचं. पाण्यावर गुलाबी उजेड पसरलेला असायचा, पण तो बघायला कोणी मोकळं नसायचं. सगळे आपापल्या कामात.

मग घरोघरी संडास आले, रस्ता डांबरी झाला आणि सगळ्यांच्या फोनला कॅमेरे आले. गावातल्या एका पोट्ट्यानं संध्याकाळच्या पाण्याचा व्हिडिओ काढला आणि त्यावर 'मिनी गोवा' असं लिहून सोडून दिला. दोन रविवार काही झालं नाही. तिसऱ्या रविवारी बुलढाण्याच्या गाड्या दारात. बुलढाणा वर डोंगरावर. थंड हवा, कचेऱ्या, कॉलेजं, कोर्ट, सगळं त्यांच्याकडे. पाण्यात पाय सोडून फोटो काढायला जागा मात्र त्यांना आमच्याकडेच दिसली. काल-परवापर्यंत जिथं पाऊल टाकताना माणूस खाली बघून चालायचा, तिथं नवी जोडपी ओढणी उडवत उभी राहायला लागली. आम्ही गावकरी एकमेकांकडे बघायचो आणि गप्प बसायचो.

आमचं घर काठापासून तिसरं. मामाजी, म्हणजे माझे सासरे, वजनदार शेतकरी. सोयाबीन, कपाशी, थोडी वांगी-मिरची, गळ्यात तुळशीची माळ आणि मारुतीच्या देवळाच्या कमिटीचं अध्यक्षपद. हे पद त्यांना कोणी दिलं ते कोणालाच आठवत नव्हतं, पण काढून घ्यायची कोणाची छाती नव्हती. त्यांच्या तोंडाला गाव भ्यायचं. आत्याबाई, म्हणजे सासूबाई, अगदी उलट. इतकं कमी बोलायच्या की पहिला महिनाभर मला वाटलं, यांना ऐकूच येत नाही. माझा नवरा बुलढाण्याला कारकून. घरात आवाज चढला की त्याला नेमकं मोटरसायकलीत पेट्रोल भरायला जायचं असतं. आमची मुलगी तेव्हा माझ्या माहेरी शिकायला होती, ती सुटली.

मी मोताळ्याला शाळेत शिकवते. माहेर देऊळगाव राजाकडचं, जालन्याला चिकटलेलं. माहेरी रविवारी मटण असायचं. सासरी चातुर्मासात कांद्या-लसणालाही दाराबाहेर उभं करायचे, मटणाचं तर नावच नको. तेव्हा खरं सांगून टाकते: चौदा वर्षं मी महिन्यातून एकदा बुलढाण्याच्या बसस्टँडजवळच्या गाडीवर अंडाबुर्जी खाल्ली, नवऱ्याला सोबत घेऊन, आणि परतताना दोघांनी मूठ मूठ बडीशेप चावली.

तर त्या हिवाळ्याच्या सुरुवातीचा एक रविवार. आत्याबाई आणि मी काठाला लागून असलेल्या आमच्या शेतात वांगी तोडत होतो. बुलढाण्याचं एक कुटुंब पाण्यावर फोटो काढून काढून दमलं होतं. त्यातली बाई बांधावर आली आणि म्हणाली, "काकू, इथं जेवायला कुठं मिळतं?"

"जेवाले?" आत्याबाईंना प्रश्नच कळला नाही. "जेवाले तं घरी भेटते."

"कोणाच्या घरी?"

आत्याबाईंनी माझ्याकडे बघितलं, मग टोपलीतल्या वांग्यांकडे. "आमच्या," त्या म्हणाल्या. "बसा."

निंबाखाली तीन दगड मांडून त्यांनी वांगी भाजली. मला घरी पिटाळून पीठ, तवा, तेल, मिरच्या मागवल्या. भरीत, ज्वारीची भाकरी, हिरव्या मिरचीचा ठेचा. त्या कुटुंबातला माणूस जेवला, बोटं चाटली आणि म्हणाला, "काकू, यात घातलंय काय?"

आत्याबाई सांगायला लागल्या. वांगं कोणतं घ्यावं, देठ का ठेवावं, काड्यांवर भाजलेलं आणि गॅसवर भाजलेलं यात काय फरक. पाच मिनिटं बोलत होत्या. चौदा वर्षांत मी त्यांना सलग पाच मिनिटं बोलताना ऐकलं नव्हतं. माझ्या हातातली भाकरी करपली.

पुढच्या रविवारी त्यांनी मला विचारलं नाही, मामाजींनाही नाही. सरळ निंबाखाली सारवलं, चूल मांडली, घरातली जुनी सतरंजी टाकली. मामाजींनी ते बघितलं आणि म्हणाले, "पाव्हण्याले जेऊ घालणं पुण्याचं काम हाय." लोक जेवून पैसे देतात, हे त्यांच्या लक्षात आलं नव्हतं. आम्हीही त्यांच्या पुण्यात व्यत्यय आणला नाही.

दीड-दोन महिने असे गेले. पण माणूस पाण्याकाठी बसला की त्याला वांगं पुरत नाही. दर रविवारी कोणीतरी विचारायचंच, "काकू, मासा नाही का?" आत्याबाई नुसत्या हसायच्या. आमच्या पलीकडे जाळं टाकणाऱ्यांची दोन-तीन घरं आहेत. त्यातल्या एका बाईला गाव 'जाळेवाली' म्हणतं. नवरा होडीतून रोहू, कटला आणायचा आणि ती टोपली डोक्यावर घेऊन मोताळ्याच्या बाजाराला जायची. आमच्या दारावरून जाताना ती रस्ता बदलायची, कारण एकदा मामाजी तिला वासावरून असं काही बोलले होते की तिची टोपलीसुद्धा लाजली असेल. एका रविवारी आत्याबाईंनी तिला बांधावरून हाक मारली.

"काऊन वं, बाजारात जाऊन राह्यली?"

जाळेवाली घाबरली. "हाव काकू. लांबूनच जातो मी."

"लांबून नोको जाऊ. अठी ये. मले मासा शिकव."

जाळेवालीनं माझ्याकडे बघितलं. मी आभाळाकडे.

पहिला रोहू आत्याबाईंच्या समोर पाटावर आला तो प्रसंग मी विसरणार नाही. त्यांनी पदर नाकाला लावला, एक बोट पुढं केलं, माशाला टेकवलं आणि झटक्यात मागं घेतलं. "मायबाई! हा तं माह्याकडेच पाहून राह्यला वं!"

"मेला हाय तो, काकू," जाळेवाली म्हणाली. "कायले पाहीन?"

"मंग डोये काऊन उघडे?"

"माशाले पापण्याच नसतात न."

आत्याबाईंनी जाळेवालीच्या हातातून विळी घेतली नाही, पण मसाल्याचा डबा उघडला. तसंच ठरलं मग. कापायचं, तळायचं आणि मीठ चाखायचं काम जाळेवालीचं. मसाला, भाकरी आणि पाव्हण्यांशी बोलायचं काम आत्याबाईंचं. माशाची चूल वेगळी, तवा वेगळा, भरिताची चूल दहा पावलं लांब. आत्याबाई स्वतः एक घास खायच्या नाहीत. घरी यायच्या आधी जाळेवालीच्या अंगणात अंघोळ करून, लुगडं बदलून, चंदनाचा साबण इतका लावून यायच्या की मामाजी एकदा म्हणाले, "आज काय सण हाय?"

मामाजींना काहीच कसं कळलं नाही, असं लोक मला विचारतात. एक तर रविवारी ते दुपारभर देवळात भजनी मंडळाचे हिशोब नाहीतर भांडणं मिटवत बसायचे. दुसरं म्हणजे, त्यांना सांगायला जाणार कोण? गावातले निम्मे पुरुष तिथं जेवून गेले होते.

याच दिवसांत एका दुपारी गर्दी ओसरल्यावर आत्याबाईंनी माझ्यापुढं ताटली ठेवली. भाकरी, कांदा आणि तळलेल्या रोहूचे दोन तुकडे.

"खाय," त्या म्हणाल्या.

"मी? नाही हो आत्याबाई, मी कशी..."

"चौदा वर्सं झाले, महिन्यातून एक बार तुमी दोघं बुलढाण्याहून येता अन् तोंडाले बडीशेपेचा वास येते. घरी एवढी बडीशेप हाय, तिले तं तू हात लावत नाईस." त्यांनी पाण्याचा तांब्या माझ्याजवळ सरकवला. "खाय मुकाट्यानं. गरम हाय तोवर."

मी खाल्लं. डोळ्यांत पाणी आलं, ते तिखटानं आलं असंच मी त्यांना सांगितलं. जाळेवाली पाठमोरी होऊन हसत होती.

सगळं फुटलं ते सप्ताहात. दरवर्षी मारुतीच्या देवळात सात दिवस कीर्तनं होतात आणि बाहेरून आलेल्या मंडळींचा मुक्काम अध्यक्षांच्या, म्हणजे आमच्या घरी असतो. कीर्तनकार बुवा वयस्कर, शांत, दुपारी झोपणारे. त्यांच्याबरोबरचा पखवाजवाला तिशी-पस्तिशीचा, गोलमटोल, दुपारी अजिबात न झोपणारा. तो रविवारी फिरत फिरत काठावर गेला. मी शाळेचे पेपर तपासत घरी होते, म्हणून मला त्याचा पराक्रम नंतर कळला. त्यानं आधी भरीत खाल्लं, मग इकडे-तिकडे बघून हळूच रोहू मागवला, मग दुसऱ्यांदा मागवला. आत्याबाई तेव्हा भाकरीवर होत्या. त्यांनी त्याला ओळखलं. त्यानं त्यांना ओळखलं नाही, कारण आमच्या घरात त्यानं त्यांचे फक्त वाढणारे हात बघितले होते.

शेवटच्या दिवशी काल्याचं कीर्तन झालं आणि देवळापुढं पंगती बसल्या. मामाजी पंगतीतून फिरत होते, आग्रह करत होते. आत्याबाई वरण वाढत पखवाजवाल्यापाशी आल्या. त्यानं द्रोण पुढं केला, वर बघितलं आणि त्याचा चेहरा फुलला. भुकेला आणि मनानं निर्मळ माणूस होता तो.

"अहो काकू! तुम्ही इथं?" तो मोठ्यानं म्हणाला. "परवाचा रोहू काय झाला होता! एक नंबर!"

माझ्या हातात पोळ्यांची टोपली होती. मी शेजारच्या पानात एकदम चार पोळ्या वाढल्या. पखवाजवाल्याला आपण काय बोललो ते सगळ्यांत शेवटी कळलं. मग तो वरणात इतका खाली वाकला की नाक बुडतं की काय. शेजारी बुवा बसले होते. त्यांनी डोळे मिटून घेतले.

मामाजी तीन पावलांवर उभे होते. त्यांचा चेहरा आधी पांढरा झाला, मग लाल. सगळी पंगत हात थांबवून त्यांच्याकडे बघत होती. मला वाटलं, आता देवळाचा कळस खाली येतो. पण ते ओरडले नाहीत. हळूच म्हणाले, "हे काय म्हणून राह्यले?"

आत्याबाईंनी वरणाची बादली खाली ठेवली. "खरं म्हणून राह्यले," त्या म्हणाल्या, आणि बादली उचलून पुढच्या पानाकडे गेल्या.

त्याच दुपारी मामाजींनी गादी गुंडाळली, तांब्या घेतला, दोन धोतरं घेतली आणि देवळात राहायला गेले. जाताना अंगणात उभं राहून म्हणाले, "ज्या घरात मासोळ्याचा धंदा हाय, त्या घरचं पाणी मले चालनार नाई." माझा नवरा पेट्रोल भरायला गेलेला होता. दहा मिनिटांनी मामाजी परत आले, कारण मोबाइलचा चार्जर राहिला होता. तो मीच आणून हातात दिला. तो क्षण सगळ्यांनाच अवघड गेला.

पहिले काही दिवस गाव त्यांच्या बाजूनं होतं. रोज एका घरून ताट यायचं. पण मामाजींना भाजीत तेल जास्त चालत नाही, भात मऊ लागतो, आणि नाही आवडलं तर ते तोंडावर सांगतात. आठव्या दिवसापासून बायकांच्या घरी अचानक पाव्हणे यायला लागले, कोणाला गावाला जावं लागलं, कोणाचा गॅस संपला. मग आत्याबाईंनी डबा भरला आणि मला पाठवलं.

मामाजी देवळाच्या ओट्यावर मांडी घालून बसले होते. वाढलेली दाढी, मळलेली टोपी. एरवी धोतराला कडक घडी असणारा माणूस.

"मामाजी, जेवून घ्या," मी म्हटलं.

"कोणत्या चुलीवरचं हाय?"

"गॅसवरचं आहे. आपल्या घरचं."

"यात मासोळी तं नाई?"

"मामाजी, ही मेथीची भाजी आहे."

"भांडं तेच असन."

"भांडं तेच कसं असेल? ती भांडी आम्ही घरात आणतसुद्धा नाही."

"मले नाई पाह्यजे. घेऊन जाय."

मी डबा घेऊन घरी आले. आत्याबाईंनी उघडून बघितला. भाजी, पोळ्या, भात सगळं जसंच्या तसं. ठेच्याची वाटी मात्र पुसून स्वच्छ. मी पाणी प्यायला आत गेले होते तेवढ्यात त्यांनी उरकलं असणार. आत्याबाई दुसऱ्या दिवसापासून डब्यात ठेचा दुप्पट टाकायला लागल्या. हळूहळू ठेच्यामागून एक पोळी कमी होऊन यायला लागली, मग दोन.

मी एकदा त्यांना विचारलंच. आम्ही दोघी मसाला कांडत होतो. "आत्याबाई, बंद करून टाकायचं का? फक्त भरीत-भाकरी ठेवू. मामाजी घरी येतील."

त्यांनी मुसळ थांबवलं. "तू सांग, त्याईनं मले काय इचारलं आजवर?"

"म्हणजे?"

"चाळीस वर्सं होत आले. शेतात काय पेराव, पोराले कुठी शिकवाव, पोराले बायको कोणती कराव, सारं त्याईनं ठरवलं. वाईट नाई ठरवलं. तू चांगली भेटली. पण मले कोणी इचारलं नोतं. भाजीत मीठ टाकाले बी मी त्याईचं तोंड पाहो." त्यांनी मुठीत मसाला घेऊन वास घेतला. "अन् आता त्या दूरच्या गावच्या बाया मले इचारतात, काकू, हे कसं केलं, काकू, हे किती टाकाव. मी सांगतो अन् त्या फोनमंदी लिहून घेतात. मी सांगतो ते लिहून घेतात वं! मी बंद नाई करत."

मग पुन्हा मुसळ सुरू झालं. शाळेत मी रोज सांगते आणि मुलं लिहून घेतात. त्यात काही विशेष असतं असं मला त्या दिवसापर्यंत कधी वाटलं नव्हतं.

मामाजींना देवळात महिना होत आला. देऊळ काठावरच्या उंचवट्यावर आहे आणि ओट्यावरून आमचा निंब, निंबाखालच्या चुली, सगळं समोर दिसतं. पूर्वी ते देवाकडे तोंड करून बसायचे, हल्ली पाण्याकडे तोंड करून बसतात, असं पुजाऱ्यानं मला सांगितलं. "दिवसभर तुमच्या आत्याबाईकडं पाहून राह्यतात," तो म्हणाला. "मी म्हटलं, जा न मंग. तं मले म्हणाले, मी पाण्याची पातळी पाहून राह्यलो."

आणि मग तो रविवार आला. इतकी गर्दी काठानं कधी बघितली नव्हती. गाड्या कशाही लावलेल्या, एक तर चक्क पाण्याच्या दिशेनं तोंड करून उतारावर. त्या गाडीतली मंडळी उतरून फोटो काढायला गेली. त्यांच्या म्हाताऱ्या आजीचे गुडघे दुखत होते म्हणून ती मागच्या सीटवरच बसली होती. आत्याबाईंनी तिला तिथंच भाकरी-भरीत नेऊन दिलं होतं.

मी पत्रावळी मांडत होते. एकदम देवळाकडून आवाज आला, "अबे गाडी! गाडी चालली बे!"

मी वळून बघितलं तर ती गाडी आपली आपण, अगदी सावकाश, पाण्याकडे निघाली होती. आणि देवळाच्या पायऱ्या उतरून, धोतर दोन्ही हातांनी वर धरून मामाजी पळत येत होते. पासष्टी ओलांडलेला माणूस, तोंडानं अखंड शिव्या. त्यातली एकही मला इथं लिहिता येणार नाही आणि देवळाच्या अध्यक्षाला त्या कुठून माहीत होत्या, हा प्रश्न गावाला अजून पडतो.

गाडी पाण्यात शिरली. पुढची चाकं बुडाली, मग मागची, आणि चिखलात रुतून ती थांबली. पाणी दारांच्या अर्ध्यापर्यंत. फोटो काढणारे काठावर किंचाळत होते, एक जण व्हिडिओसुद्धा काढत होता. मामाजी तसेच पाण्यात घुसले. जाळेवालीचा नवरा होडीतून उडी टाकून त्यांच्या मागं. दोघांनी मिळून दार ओढलं. आत आजी मांडीवर ताटली धरून बसलेली.

"बुडाली का गाडी?" तिनं विचारलं.

"चाला, माय, पाठीवर बसा," मामाजी म्हणाले.

जाळेवालीच्या नवऱ्यानं तिला उचलून मामाजींच्या पाठीवर बसवलं. काठावर आणून तिला सतरंजीवर टेकवलं तेव्हा मामाजींना श्वास पुरत नव्हता. ती म्हणाली, "माझी एक चप्पल राहिली आत."

मामाजींनी तिच्याकडे बघितलं. तिच्या मुलाकडे बघितलं, जो नुसता रडत उभा होता. आणि ते परत पाण्यात गेले आणि चप्पल घेऊन आले.

सरत्या हिवाळ्याचं गार पाणी, कमरेपर्यंत भिजलेलं धोतर, दात वाजत होते. ते जवळच्या चुलीपाशी खाली बसले. जवळची चूल कोणती होती ते त्यांना तेव्हा कळलं नसावं. तव्यावर रोहूचे चार तुकडे तडतडत होते. जाळेवाली उलथनं हातात धरून पुतळ्यासारखी उभी. आत्याबाई आल्या, तवा उतरवून बाजूला ठेवला आणि त्याच चुलीवर चहाचं पातेलं चढवलं. आपली शाल काढून त्यांच्या खांद्यांवर टाकली. चहा झाला, कपात ओतला, पुढं धरला.

मामाजींनी चुलीकडे बघितलं, बाजूच्या तव्याकडे बघितलं. "हा च्या याच चुलीवरचा हाय?"

"तुमच्या डोयासमोर तं केला," आत्याबाई म्हणाल्या.

आसपास पन्नास-साठ माणसं बघत होती. मामाजींनी कप घेतला. एक घोट घेतला.

"साखर कमी हाय," ते म्हणाले.

आत्याबाईंनी साखर घातली. त्यांनी चहा संपवला आणि दुसरा मागितला.

ते त्या दिवशी घरी आले नाहीत. एवढं सोपं ते कसं करतील? चौथ्या दिवशी सकाळी गादी खांद्यावर टाकून आले, देवळात ढेकूण झाले असं म्हणाले आणि अंघोळीला गेले. पुजारी अजून त्या ढेकणांवरून नाराज आहे. दुपारी ते ताटावर बसले. आत्याबाईंनी वाढलं. कोणी कोणाची माफी मागितली नाही. भाजी खाता खाता मामाजी म्हणाले, "गाड्या अशा लावतात का बे कोणी? अक्कल नाई लोकाईले."

"मंग तुमीच सांगा न त्याईले," आत्याबाई म्हणाल्या.

पुढच्या रविवारी मामाजी हातात काठी आणि तोंडात शिट्टी घेऊन उतारावर उभे. वास येऊ नये म्हणून वाऱ्याची दिशा बघून जागा निवडलेली. गाड्यांची तोंडं रस्त्याकडे, चाकाखाली दगड, हॅन्डब्रेक ओढलेला ते खिडकीतून वाकून बघणार. कागद खाली टाकला तर उचलायला लावणार, मग तो कोणी वकील असो की साहेब. मी त्यांना इतकं आनंदात कधी बघितलं नव्हतं. आयुष्यभर ते गावाला शिव्या देत आले. आता ताजे लोक मिळाले होते.

यंदा उन्हाळ्याच्या तोंडाला एका कचेरीतून कागद आला. धरणाच्या हद्दीत चूल मांडता येणार नाही, असा. चूक त्यांचीही नव्हती. आमचा निंब हद्दीच्या दगडाच्या आत येत होता, हे आम्हालाच माहीत नव्हतं. मामाजींनी धोतराची कडक घडी घातली आणि मला म्हणाले, "सूनबाई, चाल बुलढाण्याले. तुले लिहिता-वाचता चांगलं येते." कारकून असलेला मुलगा घरात होता, पण त्याला ते विचारतही नाहीत.

टेबलामागच्या माणसानं कागद पुढं ओढला. "हॉटेल कोणाच्या नावावर आहे?"

मला वाटलं, मामाजी आता स्वतःचं नाव सांगणार. घर, शेत, ट्रॅक्टर, देऊळ, सगळं त्यांचंच असतं. त्यांनी टोपी सरळ केली.

"माह्या बायकोचं हाय," ते म्हणाले. "अन् एका जाळेवाल्या बाईचं. दोघीचं."

"आणि तुम्ही कोण?"

"मी पार्किंग पाह्यतो."

त्या माणसानं वर बघितलं, मग माझ्याकडे. मी मान हलवली. त्यानं तसंच लिहून घेतलं आणि चूल दगडाच्या बाहेर सरकवायला पंधरा दिवस दिले. आम्ही वांग्यांचा एक वाफा मोडला आणि तिथं मांडव घातला. निंबाची सावली तिथं नाही, त्यामुळे दुपारी फार ऊन लागतं. दुसरा निंब लावलाय. त्याला आळं कुठं करायचं यावरून सध्या दोघांचं भांडण चालू आहे, आणि अजून तरी आत्याबाई हटलेल्या नाहीत.